सहा महिने थांब

आमच्या काकांकडे एक पोच आहे. पिवळ्या पडलेल्या अर्जाच्या दुय्यम प्रतीवर जांभळा गोल शिक्का, त्यात वाकडा आवक क्रमांक आणि कुणाची तरी घाईतली सही. जमिनीची मूळ कागदपत्रं त्यांनी लोखंडी कपाटात ठेवली. ही पोच मात्र प्लास्टिकच्या पिशवीत घालून खिशात. खिडकीवरचा कारकून "काका, साहेब मीटिंगला गेलेत" म्हणाला की ते पिशवीतून पोच काढून त्याच्यासमोर धरायचे. तो बघायचा, मान हलवायचा आणि पुढच्या माणसाला बोलवायचा. एका वकिलाने मात्र ती पोच उजेडात धरली, तारीख बोटाने मोजली आणि म्हणाला, "काका, तुमची खरी इस्टेट हीच."

सरकारने अर्जावर काही बोलायचंच नाही असं ठरवलं तर नागरिकाने काय करायचं, हा प्रश्न भाईंदरच्या खाजणाइतकाच जुना आहे. त्याचं उत्तर मुंबईच्या न्यायालयात आहे, असं आज आपण गृहीत धरतो. पण साष्टी बेटाच्या या उत्तर टोकाला ते उत्तर पोचायला १९५० साल उजाडावं लागलं. गोष्ट सुरू होते ती ठाण्याच्या तुरुंगात.

१८२८ साल. मुंबईत कंपनी सरकारचं राज्य आणि त्याच्या शेजारी राजाच्या सनदेवर चालणारं सुप्रीम कोर्ट, वय जेमतेम चार वर्षं. गव्हर्नर सर जॉन माल्कम. कोर्टापुढे हेबियस कॉर्पसचे, म्हणजे कैदेतला माणूस समोर आणा असे, दोन अर्ज आले. एक पुण्याच्या मोरो रघुनाथ या मुलासाठी; तो नातेवाईक पांडुरंग रामचंद्र यांच्या ताब्यात होता. दुसरा ठाण्याच्या तुरुंगातल्या बापू गणेशसाठी. कोर्टाने दोन्ही हुकूम काढले. माल्कमने ते पाळायला साफ नकार दिला. त्याचं म्हणणं सरळ होतं: कोर्टाचा हात मुंबई बेटापुरता, पुणे, ठाणे हा मुलूख कंपनीच्या अदालतींचा. त्याच सुमारास तिघांपैकी दोन न्यायाधीश, सर एडवर्ड वेस्ट आणि सर चार्ल्स चेंबर्स, काही आठवड्यांच्या अंतराने वारले. उरले एकटे सर जॉन पीटर ग्रँट. आपला हुकूम चालत नसेल तर कोर्ट चालवून काय उपयोग, म्हणून १ एप्रिल १८२९ रोजी त्यांनी कोर्टच बंद केलं. न्यायाधीशाने सरकारविरुद्ध केलेला संप म्हणावा असा हा प्रसंग.

संप फसला. लंडनला प्रिव्ही कौन्सिलने १८२९ मध्येच माल्कमच्या बाजूने कौल दिला. मुंबईत दोन नवे न्यायाधीश नेमले गेले. एका रानटी हत्तीला दोन माणसाळलेल्या हत्तींच्या मधे चालवू, अशा अर्थाचं वाक्य लंडनमधल्या नियंत्रण मंडळाचा अध्यक्ष लॉर्ड एलनबरो याने माल्कमला खासगी पत्रात लिहिलं. ते फुटून वर्तमानपत्रांत आलं आणि त्याची बरीच शोभा झाली. पण तत्त्व पक्कं झालं. राजाच्या न्यायालयाचा खास हुकूम, ज्याला आपण आज रिट म्हणतो, माहीमच्या खाडीवर येऊन थांबायचा. पुढे १८४५ मध्ये खाडीवर रस्ता झाला; गाड्या गेल्या, घोडे गेले, रिट गेलं नाही.

महसुलाच्या बाबतीत तर बेटावरसुद्धा अडसर होता. महसूल आणि त्याची वसुली यांत कोर्टाने मूळ दाव्यातून पडू नये, हे बंगालमध्ये १७८१ मध्ये ठरलं आणि तोच नियम मुंबईच्या कोर्टालाही लागला. १८५० मध्ये स्पूनर विरुद्ध जडो या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने तो घट्ट आवळला. स्पूनर हा मुंबईचा कलेक्टर. महसुलासाठी केलेल्या जप्तीवरून त्याच्याविरुद्ध मुंबईच्या कोर्टात निकाल लागला होता. प्रिव्ही कौन्सिल म्हणालं, कलेक्टर प्रामाणिकपणे स्वतःला महसूल वसुली करतोय असं समजत होता, एवढं पुरे. मग तो चुकला की बरोबर होता, हे पाहायचा अधिकारच कोर्टाला नाही. १८६२ मध्ये हायकोर्ट आलं तरी हा अडसर जागचा हलला नाही.

आता भाईंदर. रेल्वे १८६४ मध्ये खाडी ओलांडून आली. त्यानंतर सहा वर्षांनी, १८७० मध्ये, सरकारने भाईंदर, मीरा आणि घोडबंदरची जमीन रामचंद्र लक्ष्मणजी यांना ९९९ वर्षांच्या पट्ट्याने दिली. समुद्राचं खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून बांध घालायचे, हे त्यामागचं कारण सांगितलं जातं. ९९९ वर्षं! सरकार एका अर्जाला सहा महिने लावतं म्हणून आपण कुरकुरतो, आणि इथे सरकारने एका सहीत जवळजवळ हजार वर्षांचा निकाल लावून टाकलेला. पुढे त्या पट्ट्याचे हक्क इस्टेट इन्व्हेस्टमेंट कंपनीकडे आले. १९५१ मध्ये साष्टीतल्या अशा इनामी इस्टेटींच्या महसूल-माफीला कात्री लावणारा कायदा झाला आणि १ मार्च १९५२ पासून लागू झाला. तरी जमिनीवर मालकी नक्की कुणाची, सातबारावर नाव कुणाचं, 'ना हरकत' कुणाची घ्यायची, हा वाद सोसायट्यांच्या बैठकांत अजून ताजा आहे. मीरा रोडला फ्लॅट घेतलेल्या माणसाला १८७० हे साल पाठ असतं, याचं कारण हे.

१८७० च्या पुढच्या दहा वर्षांत सरकारने दोन कायदे केले. ते एकमेकांशेजारी ठेवून वाचले की राज्यकर्त्याच्या मनाचे दोन कप्पे दिसतात.

पहिला १८७६ चा, मुंबई महसूल अधिकारिता कायदा. त्याने दिवाणी कोर्टांना महसुलाच्या अनेक बाबींतून बाहेर ठेवलं. शिवाय एक अट घातली. महसूल अधिकाऱ्याच्या कृतीविरुद्ध किंवा अकृतीविरुद्ध सरकारवर दावा लावायचा असेल, तर आधी महसूल खात्यातली सगळी अपिलं करून आलो हे सिद्ध करा. 'अकृती' हा शब्द लक्षात ठेवण्यासारखा. मामलेदार काहीच करत नाही, ही तक्रार घेऊन त्याच्याच वरिष्ठांच्या पायऱ्या चढा, आणि एकेका पायरीवर पुन्हा तसेच थांबा.

दुसरा १८७९ चा, मुंबई जमीन महसूल संहिता. तिच्या कलम ६५ मध्ये शेतजमीन बिगरशेतीकडे वळवायची असेल तर कलेक्टरकडे अर्ज करावा असं होतं. कलेक्टरने तीन महिन्यांत निर्णय कळवला नाही तर परवानगी मिळाली असं समजावं, असंही त्यातच होतं. सात दिवसांच्या आत लेखी पोच दिली तर मोजणी पोचेच्या तारखेपासून. दिली नाही तर अर्ज मिळाल्याच्या तारखेपासून. म्हणजे सरकारच्या मुकेपणाला 'हो' मानायचं, ही कल्पना काही आजकालच्या सुधारकांची नाही. ती इंग्रजी महसूल खात्याचीच. काकांच्या खिशातल्या जांभळ्या शिक्क्याचं मोल त्या कलमातून आलं.

पण हे घड्याळ कुणाला दाखवायचं? तीन महिने उलटले, माणूस म्हणाला मला परवानगी मिळाली, आणि मामलेदार म्हणाला दंड भर, तर? १८७७ च्या विशिष्ट साहाय्य कायद्यात कलम ४५ होतं. सार्वजनिक अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारा हुकूम, म्हणजे मॅण्डॅमससारखा हुकूम, हायकोर्ट त्याखाली देऊ शकत होतं. पण फक्त कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या शहरांच्या हद्दीत, आणि प्रांतिक सरकारला बांधील होईल असा हुकूम तर तिथेही नाही. पुन्हा माहीमची खाडी! वांद्र्याच्या पलीकडच्या आगऱ्याला, कोळ्याला, मिठागरवाल्याला हा दरवाजाच नव्हता.

तो दरवाजा २६ जानेवारी १९५० रोजी उघडला. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ ने हायकोर्टाला राज्यभर, सरकारसुद्धा धरून कुणालाही, रिट काढायचा अधिकार दिला. अनुच्छेद २२५ च्या परंतुकाने महसुलाचा तो जुना अडसर एका वाक्यात मोडला. घटनेतली मोठमोठी कलमं भाषणांत येतात; हे परंतुक कुणाच्या भाषणात आलेलं मी ऐकलेलं नाही. पण जमिनीच्या अर्जावर बसलेल्या सरकारला हायकोर्टात खेचता येतं ते त्याच्यामुळेही.

खाडीची रेघ मात्र पुरती पुसली नाही. १९५७ मध्ये मुंबईची हद्द दहिसरपर्यंत वाढली आणि तिथेच थांबली. म्हणून आजही सरकारी दिरंगाईविरुद्ध रिट करायचं असेल तर दहिसरच्या माणसाचं प्रकरण हायकोर्टाच्या मूळ शाखेत जातं, भाईंदरच्या माणसाचं अपील शाखेत. दोघांमधे एक चेकनाका. इमारत तीच, फोर्टातली, १८७८ ची. क्रमांक वेगळा, नियम वेगळे, फायली ठेवायची रॅकं वेगळी. माल्कम जिंकल्याची एवढी खूण तिथे शिल्लक आहे.

स्वातंत्र्यानंतर महाराष्ट्राने महसूल संहिता नव्याने लिहिली ती १९६६ मध्ये. जुन्या कलम ६५ चं कलम ४४ झालं आणि तीन महिन्यांचे ९० दिवस. त्याच वर्षी नगररचनेचा कायदा आला, वकिलांच्या तोंडी एमआरटीपी. बांधकामाच्या अर्जावर ६० दिवसांत उत्तर नाही तर परवानगी मानीव, हे त्याचं कलम ४५. मात्र नकाशा नियमांत तंतोतंत बसला पाहिजे. आणि नियमांत तंतोतंत बसणारा नकाशा मी तरी अजून पाहिलेला नाही.

'मानीव' हा मराठी कायद्यातला मोठा गमतीदार शब्द. कागदावर आहे, हातात नाही. ९० दिवस झाले, परवानगी मानीव झाली. पण बँकेला दाखवायला कागद काय? महापालिका विचारते, आदेशाची प्रत कुठाय? शांततेची प्रत कोण देणार? म्हणून माणूस पुन्हा हायकोर्टात जातो, आणि तिथे मानीवची मागणी करता करता सौम्य होतो: निदान निर्णय तरी द्यायला सांगा.

त्या सुनावण्या बघण्यासारख्या असतात. फलकावर शंभरेक प्रकरणांची यादी. तुमचा क्रमांक पुकारला की वकील उभा राहतो आणि म्हणतो, माय लॉर्ड, अमुक तारखेपासून अर्ज प्रलंबित आहे. न्यायमूर्ती सरकारी वकिलांकडे बघतात. सरकारी वकील म्हणतात, सूचना घेतो. कधी एक तारीख जाते, कधी तिथल्या तिथे हुकूम: अर्जाच्या गुणदोषांत न जाता संबंधित अधिकाऱ्याने आठ आठवड्यांत, अर्जदाराला ऐकून, कायद्यानुसार निर्णय द्यावा. सर्व मुद्दे खुले. दोन मिनिटं. बाहेर व्हरांड्यात अशील वकिलाला विचारतो, "जिंकलो ना?" वकील म्हणतो, "जिंकलो." अशिलाला ते पटत नाही, आणि त्याचं चुकतही नाही. परमादेशाचा, म्हणजे मॅण्डॅमसचा, स्वभावच असा. अधिकाऱ्याने उत्तर दिलंच पाहिजे, हे कोर्ट सांगतं; कोणतं उत्तर द्यायचं ते सहसा सांगत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये के. एस. जगन्नाथन यांच्या प्रकरणात म्हटलं की प्रसंगी न्यायालय अधिकाऱ्याने द्यायला हवा होता तो हुकूम स्वतःच देऊ शकतं. पण असे प्रसंग मोजके. आठ आठवडे उलटूनही निर्णय नाही तर अवमान याचिका. तिलाही एका वर्षाची मुदत. ती चुकली की गेलं.

मीरा-भाईंदरला हे सगळं एकदम अंगावर आलं. १२ जून १९८५ रोजी ग्रामपंचायती एकत्र करून नगरपरिषद झाली, २८ फेब्रुवारी २००२ रोजी महापालिका. २००१ च्या जनगणनेत ५,२०,३८८ माणसं, २०११ मध्ये ८,०९,३७८. गोडदेव, नवघर, काशी, पेणकरपाडा, राई, मुर्धे इथली शेतं आणि मिठागरं पंचवीस वर्षांत सात मजल्यांची झाली. प्रत्येक मजल्याखाली निदान एक अर्ज: फेरफाराचा, बिगरशेतीचा, मोजणीचा, नागरी जमीन कमाल धारणेचा. १९७६ च्या त्या कमाल धारणा कायद्याने जादा जमीन सरकारजमा करायची होती आणि सूट हवी असेल तर अर्ज करायचा होता. ठाण्याच्या त्या कार्यालयाच्या पायऱ्या या शहरातल्या जमीनवाल्यांनी झिजवल्या. २९ नोव्हेंबर २००७ रोजी महाराष्ट्राने तो कायदा मोडीत काढल्यावर नवीन आदेश निघणं बंद व्हायला हवं होतं. पण मीरा-भाईंदरच्या जमिनींबाबत मागच्या तारखांचे बनावट आदेश वापरल्याच्या आरोपावरून २०१६ मध्ये गुन्हा दाखल झाला आणि २०२१ मध्ये अटका झाल्या. कुणाच्या अर्जाला वर्षानुवर्षं तारीख मिळत नाही, आणि आरोप खरे मानायचे तर कुणाला उलट्या दिशेने तारीख मिळते.

दुसरी लढाई आरक्षणाची. विकास आराखड्यात तुमच्या जमिनीवर बाग, शाळा, मैदान असं रंगवलं की तुम्ही बांधू शकत नाही, आणि पालिका विकतही घेत नाही. एमआरटीपीचं कलम १२७ सांगतं की आराखडा अमलात आल्यापासून दहा वर्षांत संपादन झालं नाही तर नोटीस द्या. मूळ कायद्यात, नोटिशीनंतर सहा महिन्यांत पावलं उचलली नाहीत तर आरक्षण संपलं. सहा महिने! 'सरकारी काम अन् सहा महिने थांब' ही म्हण आमदारांनी थेट कायद्यात उतरवली होती. हकीमवाडी भाडेकरू संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की हे सहा महिने मालकाची नोटीस पालिकेला मिळाल्यापासून मोजायचे. पालिका मात्र सहाव्या महिन्यात ठराव करायची, जिल्हाधिकाऱ्यांना प्रस्ताव पाठवायची आणि म्हणायची, हे काय, पाऊल उचललं की. ऑगस्ट २००७ मध्ये गिरनार ट्रेडर्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने सांगितलं की नुसता ठराव किंवा प्रस्ताव म्हणजे पाऊल नव्हे, संपादनाची जाहीर घोषणा झाली पाहिजे. मीरा-भाईंदरचा आराखडा १९९७ चा. म्हणजे दहा वर्षं आणि हा निकाल एकाच वर्षी. श्रीरामपूर नगरपरिषदेच्या प्रकरणात २०१३ मध्ये तीच भूमिका पुन्हा पक्की झाली.

एव्हाना सरकारने दुसरी वाट काढली होती. कोर्ट घड्याळ काटेकोर वाचतंय ना, मग घड्याळच बदला. २००९ मध्ये सहाचे बारा महिने झाले, २०१५ मध्ये बाराचे चोवीस. म्हण सहा महिन्यांवरच राहिली, कायदा तिच्या चौपट पुढे गेला. दिरंगाईवरच्या उपायालाच दिरंगाई लावायची, ही करामत मला या सगळ्या इतिहासात सर्वांत अस्सल वाटते. माल्कमला असं काही सुचलं नसतं. तो बिचारा सरळ 'नाही' म्हणाला.

विधिमंडळाने दुसऱ्या बाजूनेही कायदे केले, हे खरं. अण्णा हजारे यांनी लावून धरलेला, दप्तर दिरंगाईचा म्हणून ओळखला जाणारा कायदा २००६ मध्ये लागू झाला. साधारणपणे कोणतीही फाईल एका टेबलावर सात कामकाजी दिवसांपेक्षा जास्त राहू नये. तातडीची चार दिवसांत. दुसऱ्या खात्याला विचारायचं नसेल तर ४५ दिवसांत अंतिम निर्णय. मुद्दाम उशीर केला तर शिस्तभंगाची कारवाई. २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याने ५०० ते ५,००० रुपयांचा दंड आणला. फ्लॅटवाल्यांसाठी २००८ पासून मानीव अभिहस्तांतरण आलं, म्हणजे बिल्डर जमीन सोसायटीच्या नावावर करत नसेल तर सक्षम प्राधिकाऱ्याने करून द्यायची. मुदत? सहा महिने. मीरा रोडच्या सोसायट्यांचे सचिव या मुदतीबद्दल काय बोलतात ते इथे छापण्याजोगं नाही. आराखडा मंजूर असलेल्या भागात बिगरशेतीची वेगळी परवानगीच नको, अशीही दुरुस्ती संहितेत आली. ती मात्र मला प्रामाणिक सुधारणा वाटते. अर्जच नको म्हटल्यावर उशीर कशाचा?

या कायद्यांनी काही टेबलं हलली, नाकारण्यात अर्थ नाही. सातबारा आता मोबाइलवर निघतो. पण वादाचा फेरफार, हद्दीचा प्रश्न, इस्टेटीचं जुनं नाव, म्हणजे जिथे कुणाला तरी सही करून जबाबदारी घ्यावी लागते, तिथे अजून तेच: त्रुटी काढायची, पूर्तता मागायची, पूर्तता झाली की साहेबांची बदली.

काकांचं काय झालं ते सांगायचं राहिलं. त्यांनी रिट केलं. वकिलाने पोचेची छायाप्रत निशाणी म्हणून जोडली. तिच्यावर तारीख स्पष्ट दिसत होती. पहिल्याच तारखेला हुकूम मिळाला: आठ आठवडे. सातव्या आठवड्यात सुनावणीची नोटीस आली. काका धुतलेला शर्ट घालून गेले. साहेब मीटिंगला गेलेले नव्हते. त्यांनी खुर्ची दिली, ऐकून घेतलं, पाणीसुद्धा विचारलं. आठव्या आठवड्याच्या शेवटच्या दिवशी पोस्टमन रजिस्टर पत्र घेऊन आला. काकांनी चष्मा लावून ते दोनदा वाचलं आणि मला दिलं. अर्ज नामंजूर. कारण एका ओळीचं होतं: अर्जासोबत जोडलेला सातबारा उतारा सहा महिन्यांपेक्षा जुना असल्याने विचारात घेता येत नाही.

काकांनी पोच पिशवीतून काढली, कपाटात मूळ कागदांबरोबर ठेवली आणि मला म्हणाले, "मोबाइलवर निघतो ना रे तो? काढ बघू एक."